पाणी उडून गेल्यावर कूलरमध्ये काय उरतं

मे महिन्यात मराठवाड्यातल्या किनवटचा पारा दुपारी ४३-४४ अंशांना टेकतो. सागवानाची पानं गळून जंगल उघडं पडलेलं असतं, पैनगंगेचं पात्र जागोजागी डबक्यांवर आलेलं असतं आणि गावात खिडक्या-खिडक्यांना कूलर घरघरत असतात. इथे कूलर ही चैन नाही. घरात म्हातारं माणूस, बाळंतीण किंवा आजारी कोणी असलं, तर त्याच्याशिवाय दुपार निभत नाही. आणि तरीही त्याची निगा म्हणजे एप्रिल लागला की मेकॅनिकला बोलावून गवत बदलून घेणं, एवढीच समजूत बहुतेक घरांत आहे. खरं काम त्यानंतर सुरू होतं.

आधी एक हिशेब मांडू. ऐन उन्हाळ्यात साधारण ५० लिटरची टाकी दिवसातून एकदा तरी भरावी लागते. पाणी जातं हवेत. पण त्यात विरघळून आलेले क्षार हवेत जात नाहीत. भारतीय मानक ब्युरोने पिण्याच्या पाण्यात विरघळलेल्या घटकांची स्वीकारार्ह मर्यादा लिटरमागे ५०० मिलिग्रॅम धरली आहे, आणि दुसरं पाणी मिळतच नसेल तर २००० मिलिग्रॅमपर्यंत चालवून घेण्याची मुभा दिली आहे. म्हणजे चांगलं, पिण्याजोगं पाणी कूलरला घातलं तरी ५० लिटरमागे २५ ग्रॅम क्षार मागे उरतात. एप्रिल-मेचे ६० दिवस रोज एक टाकी उडाली, तर दीड किलो. बोअरचं पाणी जड असेल, तर याच्या दुप्पट-तिप्पट. हा सगळा ऐवज टाकीच्या तळाशी, मोटरच्या पंख्यावर, नळ्यांमध्ये आणि गवताच्या ताट्यांवर चढतो. बरोबर रस्त्यावरची धूळ असते, गवताचा भुगा असतो, आणि टाकीच्या भिंतीला डासांची अंडी चिकटलेली असतात. पाणी निघून जातं आणि हे मागे राहतं. कूलरची देखभाल म्हणजे हे मागे राहिलेलं वेळच्या वेळी बाहेर काढणं.

कूलर गार कसा करतो, हे एकदा नीट कळलं की कुठे काय बिघडतं तेही आपोआप कळतं. पाण्याची वाफ व्हायला उष्णता लागते आणि ती उष्णता पाणी आजूबाजूच्या हवेकडून घेतं. माठातलं पाणी गार होतं ते याच रीतीने. एक लिटर पाणी उडताना जेवढी उष्णता ओढून घेतं, ती विजेच्या भाषेत सुमारे दोन तृतीयांश युनिट भरते. पंखा आणि मोटर चालवायला लागणारी वीज त्या मानाने फार थोडी. म्हणूनच कोरड्या प्रदेशात कूलरइतकं स्वस्त गारव्याचं साधन दुसरं नाही. यंत्र यायच्या आधी लोक दारा-खिडक्यांना वाळ्याच्या ताट्या बांधून त्यांवर पाणी शिंपडत असत; कूलरने त्यात पंखा आणि मोटर घातली.

४३ अंश तापमान आणि १५ टक्के आर्द्रता असेल, तर चांगला कूलर २७ अंशांच्या आसपासची हवा आत सोडू शकतो. म्हणजे १६ अंशांचा फरक. तोच कूलर ऑगस्टमध्ये ३२ अंश आणि ७५ टक्के आर्द्रतेत लावला, तर जेमतेम ३ अंश उतरतात आणि खोलीत दमटपणा भरतो तो वेगळा. हवेतच पाणी भरलेलं असताना ताटीवरचं पाणी उडणार कुठे? यात कूलरचा दोष काही नाही. पण मे महिन्यातही कूलर गार करत नाही अशी तक्रार असेल, तर बहुतेक वेळा दोन कारणं निघतात. एक, खोलीतून हवा बाहेर जायला वाटच ठेवलेली नसते. कूलर सतत ओली हवा आत ढकलत असतो. समोरची खिडकी किंवा दार थोडं उघडं नसेल, तर तासाभरात खोलीत मे महिन्यातच ऑगस्ट येतो. दुसरं कारण ताट्यांचं, आणि ते नीट बघण्यासारखं आहे.

कूलर चालू असताना मागच्या किंवा बाजूच्या जाळीतून ताटीकडे बघा. हात लावायचा नाही, फक्त बघायचं. ताटी सगळीकडून सारखी ओली, गडद दिसायला हवी. वरून खालपर्यंत फिकट, कोरडे पट्टे दिसले, तर वरच्या पन्हळीची तेवढी भोकं क्षाराने बुजली आहेत. त्या पट्ट्यातून बाहेरची ४३ अंशांची हवा जशीच्या तशी आत शिरते. हवा नेहमी सोपी वाट धरते. ओल्या, दाट गवतापेक्षा कोरड्या पट्ट्यातून जाणं तिला सोपं. गवत दबून खाली बसलं आणि वरच्या बाजूला चार बोटांची फट पडली, तरी हेच होतं. एका पट्ट्याने आणि एका फटीने निम्मा कूलर वाया जातो. अशा वेळी पंख्याचा वेग वाढवून उपयोग नसतो. पन्हळ काढायची, झाडूची काडी किंवा बारीक तार घेऊन एकेक भोक मोकळं करायचं आणि गवत हाताने सारखं पसरून जाळीत पुन्हा बसवायचं. अर्ध्या तासाचं काम आहे.

लाकडाच्या बारीक तंतूंचं, ज्याला आपण सरसकट गवतच म्हणतो, ते पॅड दरवर्षी बदलावं. ते धुऊन पुन्हा वापरणं परवडतं असं वाटतं, पण दुसऱ्या वर्षी ते कुजतं, त्याचा भुगा मोटरमध्ये जातो आणि पॅडच्या किमतीपेक्षा मोटर महाग पडते. मधमाशीच्या पोळ्यासारखं दिसणारं हनीकॉम्ब पॅड जास्त टिकतं, पण तो शेवटी राळ लावलेला कागद आहे, हे विसरून चालत नाही. तारेच्या ब्रशने घासलं की त्याची धार तुटते आणि आतल्या वाटा बुजतात. ते काढून, हवा ज्या बाजूने शिरते तिच्या उलट बाजूने साध्या पाण्याची धार मारावी, मऊ ब्रशने वरवर झाडावं, बस्स.

क्षाराचा पांढरा थर काढायला लिंबूसत्त्व उत्तम. किराणा दुकानात मिळतं. लिटरभर कोमट पाण्यात तीन-चार चमचे विरघळवून मोटरचे सुटे भाग, पन्हळ आणि नळी त्यात तासभर ठेवली की बुडबुडे येतात आणि थर सुटतो. आम्लामुळे चुन्याच्या क्षाराचा कार्बन डायऑक्साइड होऊन निघतो, म्हणून ते बुडबुडे. मोटरची वायर आणि बंद भाग मात्र या पाण्यात बुडवू नये. खालचं झाकण उघडून पंखा आणि जाळी तेवढी साफ करावी. पत्र्याच्या टाकीसाठी आम्ल वापरायचंच नाही. संडास धुवायचं ॲसिड तर अजिबात नाही. ते पत्र्यावरचा जस्ताचा मुलामा खातं आणि पुढच्या हंगामात टाकीला गळती लागते. पत्र्याची टाकी नारळाच्या काथ्याने किंवा प्लास्टिकच्या ब्रशने घासावी, पूर्ण वाळू द्यावी आणि गंज दिसत असेल तर आतून डांबरी रंगाचा हात मारावा. आणखी एक गोष्ट कळकळीने सांगावीशी वाटते: ॲसिड आणि ब्लिचिंग पावडर कधीही एकत्र करू नका. त्यातून क्लोरीन वायू निघतो, आणि बंद न्हाणीघरात तो जीवावर बेतू शकतो.

हल्ली टाकीला नळ जोडून फ्लोट बसवण्याची पद्धत रूढ झाली आहे. पाणी कमी झालं की आपोआप भरतं. सोय मोठी आहे, विशेषतः ज्या घरात हंडे उचलून कूलर भरण्याचं काम बाईच्याच वाट्याला येतं तिथे. पण अशा कूलरची टाकी महिनोन् महिने रिकामी होत नाही. पाणी उडतं, नवं येतं, क्षार मात्र साचत जातात आणि शेवटी टाकीत मिठागरासारखं पाणी तयार होतं. मोठ्या कारखान्यांतल्या शीतकरण मनोऱ्यांत याच कारणाने थोडं पाणी सतत बाहेर सोडून देतात. घरी एवढं करायला हवं की आठवड्यातून एकदा फ्लोट बंद करून, बूच काढून सगळं पाणी सोडून द्यायचं. टंचाईच्या दिवसांत ते जिवावर येतं, हे खरं. टाकी तळाला गेल्यावर हे काम केलं, तर बादलीभरच पाणी जातं आणि तेही संडासात वापरता येतं.

कूलरला येणारा कुबट, माशासारखा वास पाण्याचा नसतो. रात्रभर ओल्या राहिलेल्या ताट्यांवर वाढलेल्या बुरशीचा आणि शेवाळाचा असतो. त्यावर अत्तर, कापूर, फिनेल यांचा मारा करण्यापेक्षा एक सवय लावून घ्यावी. कूलर बंद करायच्या पंधरा-वीस मिनिटं आधी मोटर बंद करून नुसता पंखा चालू ठेवावा. ताट्या सुकतात आणि बुरशीला ओल मिळत नाही. साचलेल्या कोमट पाण्यात काय वाढू शकतं, याचा धडा जगाला १९७६ मध्ये अमेरिकेतल्या फिलाडेल्फिया शहरात मिळाला. तिथल्या एका हॉटेलात माजी सैनिकांचा मेळावा भरला होता आणि त्यानंतर त्यांतल्या अनेकांना न्यूमोनिया झाला. २९ जण दगावले. पुढच्या वर्षी त्या आजाराचा जिवाणू सापडला आणि नंतर त्याला लिजिओनेला हे नाव मिळालं. वातानुकूलनासाठी पाणी गार करणाऱ्या मनोऱ्यांतून उडणाऱ्या बारीक तुषारांबरोबर तो श्वासात जातो, हे पुढे स्पष्ट झालं. घरगुती कूलरचं पाणी चालू असताना बरंच गार असतं, म्हणून धोका कमी. पण चार दिवस गावाला जाऊन आल्यावर उन्हात तापलेल्या जुन्याच पाण्यावर कूलर सुरू करणं टाळलेलंच बरं.

या सगळ्यापेक्षा मोठा प्रश्न डासांचा आहे. डेंग्यू आणि चिकुनगुन्या पसरवणारा एडिस इजिप्ती डास गटारात वाढत नाही. त्याला घरातलं, साठवलेलं, बऱ्यापैकी स्वच्छ पाणी लागतं. त्याची मादी पाण्यात अंडी घालत नाही. पाण्याच्या रेषेच्या किंचित वर, टाकीच्या ओलसर, खरबरीत भिंतीला ती एकेक अंडं चिकटवते. अंडं काळं, मिलिमीटरभराहूनही लहान. क्षाराच्या पापुद्र्यात ते डोळ्यांना दिसतही नाही. पाणी चढून ते भिजलं की अळी बाहेर येते आणि उन्हाळ्याच्या दिवसांत साधारण आठ-दहा दिवसांत उडता डास तयार होतो. पाणी चढलंच नाही, टाकी कोरडी ठणठणीत राहिली, तरी ते अंडं मरत नाही. कित्येक महिने ते तसंच तग धरून राहतं.

आठवड्यातून एकदा ‘कोरडा दिवस पाळा’ असं आरोग्य खातं सांगतं, त्याचं कारण हे. अळीचा डास व्हायच्या आत पाणी फेकलं पाहिजे. पण नुसतं फेकून भागत नाही. आशाताई घरोघर टाक्या बघत येतात तेव्हा हमखास उत्तर मिळतं, “ताई, कालच तर पाणी बदललं.” त्यांनी पुढे विचारायला हवं आणि आपण ते स्वतःला विचारायला हवं: घासलं का? पाणी ओतून दिलं तरी अंडी भिंतीलाच असतात. नवं पाणी भरलं की त्यांचं काम सुरू. टाकीच्या आतल्या चारही बाजू, विशेषतः पाण्याची पांढरी रेघ उमटलेला पट्टा, काथ्याने रगडून घासायचा, ते पाणी कोरड्या मातीवर ओतायचं आणि टाकी दोन-तीन तास उन्हात राहू द्यायची. क्षाराचा थर निघतो आणि अंडीही निघतात. ॲबेट हे अळीनाशक टाकायला कर्मचारी आले तर जरूर टाकू द्यावं. पण कूलरच्या पाण्यात रॉकेल ओतण्याचा जुना उपाय करू नये. ते ताट्यांत मुरतं आणि त्याची वाफ थेट आपल्या खोलीत येते.

हा डास लांबवर उडणारा नाही. जन्मला त्या जागेपासून शे-दोनशे मीटरच्या परिसरातच तो बहुधा आयुष्य काढतो. त्यामुळे गल्लीत एखाद्याला डेंग्यू झाला तर डास बहुधा त्याच गल्लीतला असतो. एका गावात हे किती थराला जाऊ शकतं, ते मराठवाड्याच्या शेजारी सोलापूर जिल्ह्यातल्या बार्शीने १९७३ मध्ये पाहिलं आहे. तिथे चिकुनगुन्याची अशी साथ आली की लोकसंख्येच्या तिसऱ्या हिश्शाहून अधिक माणसं आजारी पडली. नंतर तीसेक वर्षं हा आजार देशात जवळजवळ दिसेनासा झाला आणि २००५-०६ मध्ये मोठ्या लाटेने परत आला. सांधे धरून बसलेली माणसं मराठवाड्याने तेव्हा पाहिली आहेत.

आता विजेबद्दल. पाणी, पत्रा आणि वीज तिन्ही एकत्र असलेलं हे यंत्र, आणि तेच आपण अनवाणी, ओल्या फरशीवर उभं राहून हाताळतो. दर उन्हाळ्यात कूलरचा शॉक लागून माणसं, लहान मुलं दगावल्याच्या बातम्या येतात. पाणी भरताना, टाकीत हात घालताना, जाळी काढताना बटण बंद करणं पुरेसं नाही. पिन सॉकेटमधून बाहेर काढावी. दोन पिनांचा प्लग कूलरला चालत नाही. तिसरी, अर्थिंगची पिन हवी आणि भिंतीतल्या सॉकेटला खरोखर अर्थिंग जोडलेलं हवं. जुन्या घरांत ते पुष्कळदा नसतंच. वायरमनकडून तपासून घ्यावं. घराच्या बोर्डावर ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी बसवला, तर गळती होताच क्षणात वीज तुटते. त्याचा खर्च एका चांगल्या मोटरच्या दोन-तीन पट असेल, पण घरात लहान मूल असेल तर यात मागेपुढे पाहू नये.

मृगाचा पाऊस लागला की कूलर बंद होतो आणि इथेच आपण सर्वांत मोठी चूक करतो. बंद झालेला कूलर खिडकीबाहेर लोखंडी स्टँडवर तसाच राहतो. टाकीत तळाला चार बोटं पाणी असतं, वरून पावसाचं पडत राहतं. मराठवाड्यात किनवट-माहूरकडे पाऊस तसाही जास्त. ऑगस्ट ते ऑक्टोबर हे डेंग्यूचे महिने आणि नेमक्या त्याच दिवसांत त्या टाकीकडे कोणाचंही लक्ष नसतं. म्हणून जूनच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात, एखादा उघडीपीचा दिवस पाहून, कूलर पूर्ण रिकामा करावा. ताट्या काढून टाकाव्यात, टाकी घासावी, दोन उन्हं द्यावीत. मोटर स्वच्छ पाण्यात क्षणभर फिरवून, पुसून, घरात वेगळी ठेवावी. पंख्याच्या बेअरिंगला तेलाचे दोन थेंब द्यावेत. मग कूलर आत आणावा. जागाच नसेल तर बूच काढून, छपराखाली, किंचित तिरका ठेवावा म्हणजे पाणी थांबणार नाही. झाकायला जुनी चादर किंवा गोणपाट वापरावं. प्लास्टिक घट्ट गुंडाळलं तर आत ओल कोंडते आणि पत्रा आतून गंजतो.

कूलर गेला तरी हवेतल्या पाण्याशी असलेला संबंध संपत नाही, उलटा होतो. दहा बाय बाराची, दहा फूट उंचीची खोली घ्या. मे महिन्याच्या कोरड्या दुपारी तिच्या हवेत जेमतेम ३०० मिलिलिटर पाणी वाफेच्या रूपात असतं. ऑगस्टमध्ये ३० अंश आणि ८० टक्के आर्द्रतेला ते ८०० मिलिलिटरवर जातं. त्यात बादलीभर धुणं घरात वाळत घातलं की दोनेक लिटर सहज वाढतं. आर्द्रता ७० टक्क्यांच्या वर टिकून राहिली की कपाटातल्या साड्या, मुलांची पुस्तकं, चामडी चपला यांवर बुरशी धरते. बऱ्याच घरांत आता एसी आला आहे आणि त्याच्या रिमोटवर ‘ड्राय’ नावाचं बटण असतं. पावसाळ्यात ते वापरावं. हवा गार नळ्यांवरून जाते, तिच्यातली वाफ दवासारखी नळ्यांवर जमते आणि पाणी बाहेरच्या पाइपातून ठिबकतं. डीह्युमिडिफायर म्हणून जे स्वतंत्र यंत्र मिळतं, ते हेच करतं, फक्त पाणी पोटातल्या डब्यात साठवतं. मुळात अमेरिकन अभियंता विलिस कॅरियरने १९०२ मध्ये ब्रुकलिनच्या एका छापखान्यासाठी पहिली आधुनिक वातानुकूलन योजना आखली, ती कामगारांना गारवा मिळावा म्हणून आखलेली नव्हती. दमट हवेत कागद फुगून रंग एकमेकांवर नीट बसत नसत, त्यासाठी होती.

हवा कोरडी करणाऱ्या या यंत्रांतही मागे काहीतरी उरतंच. इथे पाणी हवेतून येतं, त्यामुळे क्षार नसतात. धूळ असते, आणि ती ओल्या नळ्यांवर चिकटून तिचा लगदा होतो. बुरशीला याहून चांगली जागा नाही. पुढची जाळी दर पंधरा दिवसांनी काढून साध्या पाण्याखाली धुवावी, सावलीत पूर्ण वाळल्यावरच बसवावी. डीह्युमिडिफायरचा डबा रोज रिकामा करावा आणि दोन दिवसांआड साबणाने पुसून घ्यावा. त्या डब्यातही एडिसला चालण्याजोगं पाणी असतं. यंत्र भिंतीपासून हातभर पुढे ठेवावं, दारं-खिडक्या बंद ठेवाव्यात, नाहीतर ते किनवटच्या जंगलातली सगळी हवा कोरडी करत बसेल. डब्यातलं पाणी फरशी पुसायला, झाडांना घालायला चांगलं. पिण्याच्या किंवा इन्व्हर्टरच्या बॅटरीत घालण्याच्या योग्यतेचं ते नाही, कारण त्यात धूळ आणि नळ्यांचा धातू उतरलेला असतो. दसऱ्यानंतर हवा कोरडी झाली आणि यंत्र बंद करायची वेळ आली की शेवटचे दोन-तीन तास त्याचा नुसता पंखा चालवून आतल्या नळ्या सुकवून घ्याव्यात आणि मगच त्याची वायर गुंडाळावी.